खुर्ची बदलायला लावणाऱ्या मेश्राम मॅडम

मेश्राम मॅडमची आणि माझी पहिली भेट मारामारीतून झाली. यवतमाळचं कॉलेज दुसऱ्या वर्षाला सोडून मी मारेगावला परतलो होतो. मॅडम शाळेतून निवृत्त झाल्यावर बुद्धविहाराशेजारी वाचनालय चालवतात. तिथं पंख्याखालच्या जागेवरून मी एकाची कॉलर धरली. मॅडमनी आम्हा दोघांना समोरासमोर बसवलं आणि खुर्च्या बदलायला लावल्या. "आता तू तो हायेस. काय झालं ते सांग. 'मी' म्हणूनच सांगाचं." त्यांच्याकडे भांडण असंच मिटतं. मला तो पोरखेळ वाटला.

पुढं माझं जिच्यावर प्रेम होतं, तिनं स्पष्ट नाही म्हटलं आणि काही महिन्यांत तिची सोयरीक जुळली. माझं डोकं फिरलं. तिनं मला पाठवलेले जुने मेसेज तिच्या होणाऱ्या नवऱ्याला पाठवायचं ठरवलं आणि तसं मॅडमना सांगायला गेलो. त्या माझी बाजू घेतील, अशी खात्रीच होती!

"मेसेज खरेच हायेत, मॅडम. खोटं काय करून राह्यलो मी?"

"खुर्ची बदल."

"समोर कोनीच नाही."

"ते पोरगी हाय. बस तिच्या जागेवर."

बसलो. "मी... मी त्याले विश्वासानं लिहिलं होतं," एवढंच बोललो. मोबाईल काढला. तिथंच सगळे मेसेज पुसून टाकले. मग म्हटलं, "तिची माफी मागून येतो."

"कायले? तिले यातलं काही माहीतबी नाही. मन कोनाचं हलकं होईन, तिचं का तुहं?"

मी गेलो नाही.

मॅडम स्वतःलाही सोडत नाहीत. गेल्या वर्षी सगळ्यांदेखत त्या समोरच्या खुर्चीवर बसल्या आणि शिक्षिका असताना आपणच चोर ठरवून वर्गाबाहेर काढलेल्या एका मुलीच्या जागी 'मी' म्हणून बोलल्या. शेवटी म्हणाल्या, "तवा मले नियम समजे, पोरगी समजे नाही." त्या वयात, पोरासोरांसमोर असं कबूल करणारं दुसरं माणूस मी पाहिलेलं नाही. शहाणपण एकदाच येऊन कायमचं राहत नाही, हे मला तेव्हा कळलं.

यंदा पंचाहत्तरी गाठलेल्या मॅडमना यापुढंही धडधाकट, दीर्घ आयुष्य लाभो. यात माझा स्वार्थ आहे. पुढच्या महिन्यात राजूरला तिचं लग्न आहे. माझा राग गेलाय, प्रेम गेलेलं नाही. त्या वारी वाचनालयाला सुट्टी असते. मी काही मागितलं नव्हतं, पण मॅडम आपणहून म्हणाल्या, "सकाळीच ये. मी उघडून ठेवते."