तोतरा पास्तुखोव

आखातातल्या मआमीर गावच्या एका गोदामात स्टोअरकीपर असलेला शब्बीर परकार. त्याला तिथला अख्खा कोकणी समाज ‘पास्तुखोव’ म्हणायचा, आणि ही पदवी त्यानंच स्वतःला चिकटवून घेतली होती.

पास्तुखोव म्हणजे सोव्हिएत सिनेमातला विनोदी नट. सत्तरच्या दशकात त्याचे सात सिनेमे हिंदीत आले, मुंबईत मुलांच्या खेळांना तुफान चालले. त्यातला हिंदी आवाज शब्बीरचा. पंचाईत अशी की हिंदी वाक्य झटकन संपायचं आणि पडद्यावर गड्याचे ओठ हलतच राहायचे. मग काय, शब्बीरनं ती जागा तोतरं बोलून भरली. ‘न-न-नमस्ते!’ पोरं हसून हसून बेजार. मूळ माणूस बिचारा खणखणीत बोलायचा. शब्बीरला ते चांगलं ठाऊक होतं, कानाला हेडफोन लावून रोज तेच तर ऐकायचा!

पुढे तो देश मोडला, सिनेमे थांबले, शब्बीर पोटासाठी आखातात आला, आणि शहाण्णव साली म्हातारा पास्तुखोव रशियन कलाकारांच्या ताफ्याबरोबर जवळच्याच मनामा शहरातल्या हॉटेलात खेळ करायला आला. शब्बीरला आभाळ ठेंगणं झालं. बायको झोहराला आणि चाळीस ओळखीच्यांना त्यानं पुढच्या रांगांत नेऊन बसवलं.

म्हाताऱ्यानं माइक धरला. “न... न...” शब्द काही फुटेना. मानेच्या शिरा ताणल्या, डोळ्यांत पाणी आलं. लोक हसून लोटपोट. शब्बीर मात्र जागच्या जागी गार पडला. हा अभिनय नव्हता. लकव्यानं वाचा गेलेला माणूस शब्दासाठी कसा झगडतो, ते त्यानं घरी स्वतःच्या बापाच्या वेळी पाहिलं होतं.

खेळ संपल्यावर त्यानं जाऊन ओळख सांगितली. नटाच्या मुलीनं इंग्रजीत विचारलं, झटका आल्यापासून वडील पुन्हा बोलायला शिकतायत, तुमच्यासाठी हा एक नमस्ते महिनाभर घोटला, मग लोक हसले का?

ते तोतरेपण आपणच आवाज देताना घुसवलं, हे तेव्हाच सांगायला हवं होतं. पण चाळीसही जण पाठीशी उभे, शाबासकी देत. शब्बीर शेवटी बोलला काय, तर, “लोकांना ते असेच आवडतात.”

मुलीनं ते बापाला समजावलं. म्हातारा खुलला, शब्बीरचा हात दोन्ही हातांत घेऊन किती वेळ धरून बसला. शब्बीरला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

दुसऱ्या संध्याकाळी तो एकटाच गेला, खरं काय ते सांगून टाकायला. पडद्यामागे पास्तुखोव मुलीसमोर सराव करत होता. “नमस्ते,” तो म्हणाला. सावकाश, पण स्वच्छ. मुलीनं त्याचा गाल कुरवाळला.

शब्बीर पुढे होणार, तोच म्हाताऱ्याचं नाव पुकारलं गेलं. जाता जाता त्यानं शब्बीरला पाहिलं, आनंदानं डोळा मारला. मग दिव्यांखाली उभा राहून मुद्दाम मान ताणली.

“न-न-न-नमस्ते!”

सगळं सभागृह हसत सुटलं. मुलगीही हसली, आणि शब्बीरकडे वळून म्हणाली, “थँक यू.”