पैलवानाला असं उचलत नाहीत

सासरे एके काळचे पैलवान. गुडघे गेल्यापासून त्यांनी पाणी पिणंच टाळलं. पाणी प्यायलं की लघवीला जाणं आलं, म्हणजे सुनेनं उठवणं आलं, आणि ते त्यांना चालेना. मी बगलेत हात घातला की अंग असं जड करत, की धोंडा हलेल पण हे नाही. नवरा कन्हानहून ड्युटी करून परतेपर्यंत दिवसभर ओठ कोरडे. किडनीवर येईल, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. मी सांगून सांगून थकले. त्यांना ऐकू कमी येतं, त्यामुळे सांगणं म्हणजे ओरडणंच. शेजारणीला वाटत असणार, ही बाई म्हाताऱ्याला छळते.

त्यात टीव्ही फुल आवाजात. एका दुपारी डोकं इतकं उठलं की मी मुद्दाम मुका सिनेमा लावला. जुना जपानी, सुमो पैलवानांचा. म्हटलं, घ्या, आता वाढवा आवाज.

ते मात्र रमले. एक उतरत्या वयाचा पैलवान, त्याची शेवटची कुस्ती. दोघं एकमेकांचा कमरेचा पट्टा धरून, छातीला छाती लावून नुसते उभे.

"पाहून राहिली काय?" सासरे म्हणाले. "पट्टा धरते, मंग उचलते तो. तू बगलेत हात घालतं, लेकरावानी. मले लाज वाटते."

"मग आधी काहून नाही सांगितलं, बाबा?" मी ओरडले.

"तू कधी विचारलं वं?"

असा संताप आला! महिनाभर घसा फोडला तो कुणासाठी?

तणतणतच मी ओढणीची जाड घडी त्यांच्या कमरेला बांधली आणि दोन्हीकडून धरली. त्यांनी माझ्या खांद्यांवर हात टेकले. "लाव जोर." लावला, आणि मीच मागे पडता पडता वाचले. तो जडपणा सगळा हट्टाचा होता. देहात वजन उरलंच नव्हतं. बाथरूमपर्यंत मला रडू आवरेना.

सासरे परत पलंगावर टेकले, तसे म्हणाले, "पाणी दे." घटाघटा दोन गिलास प्यायले. म्हणजे तासाभरात पुन्हा उचलणं आलं. हात भरून आले होते. मी तिसरा गिलास भरला.