समक्ष पाहिले

पेन्शनच्या कचेरीत त्यांना सगळे हयातमास्तर म्हणत. ज्या म्हाताऱ्यांना अंथरुणातून उठवत नाही, त्यांच्या घरी वर्षातून एकदा जायचं, माणूस जिवंत आहे हे डोळ्यांनी बघायचं आणि फॉर्मवर 'समक्ष पाहिले, बोललो' असं लिहून सही ठोकायची, हे त्यांचं काम. म्हातारे थट्टा करत, "या मास्तर, बघा बरं, आहे का मी अजून?"

"तुम्ही आहातच हो, माझंच काही खरं नाही!"

कुणी झोपलेलं असलं तर मास्तर उठवत नसत. दारातूनच बघायचे, चहा घ्यायचे आणि 'बोललो' लिहून मोकळे व्हायचे. आजाऱ्याची झोप मोडण्यापेक्षा एक शब्द खोटा लिहिलेला बरा. बावीस वर्षं तो शब्द कुणाला नडला नाही.

नडला तो कारखान्यात लेथवर जन्म काढलेल्या एका म्हाताऱ्याच्या घरी. मुलगा दारात आडवाच उभा. "आत्ताच डोळा लागलाय हो, सकाळपासून कण्हत होते." आत खाटेवर तोंडावरून पांघरूण घेतलेला माणूस. पांघरूण वरखाली होत होतं, पावलं तेवढी उघडी. मास्तरांनी चहा घेतला, सही केली.

पुढे दीड वर्षानं बिंग फुटलं. त्या भेटीच्या पाच महिने आधीच म्हातारा दुसऱ्या गावच्या दवाखान्यात वारला होता. लांबच्या शहरात आयाचं काम करणाऱ्या विधवा लेकीला भाऊ फोनवर सांगायचा, "बाबांची वाचा गेलीय." बापामागे अर्धी पेन्शन तिच्या हक्काची, ती मिळू नये म्हणून मेलेला बाप याने कागदावर जिवंत ठेवला होता.

कोर्टात मात्र मुलगा साळसूद. "कळवायचं राहून गेलं, साहेब. कचेरीचा माणूस घरी आलाच नाही, बसल्या जागी सही केली असेल."

सरकारी वकिलीणबाईंनी लेकीला समजावलं, "राहून जाणं वेगळं, लबाडी वेगळी. फसवायचा हेतू सिद्ध झाला नाही, तर पैसे परत करून तो सुटेल."

लेक मास्तरांकडे आली. "काका, तुम्ही गेला होतात का, तेवढंच सांगा."

मास्तरांच्या निवृत्तीला चार महिने उरले होते. हेडक्लार्क म्हणाला, "तिथे गेलोच नाही, फॉर्मची अदलाबदल झाली म्हणा. एक मेमो मिळेल, पेन्शन वाचेल." घरी बायको म्हणाली, "अहो, इतक्यांना जिवंत ठरवलंत, आता आपल्या दोघांच्या जगण्याचं बघा." मास्तर हो म्हणाले. बायकोनेच सदऱ्याला इस्त्री करून दिली.

पिंजऱ्यात उभं राहिल्यावर ते म्हणाले, "मी गेलो होतो."

"आत कोण होतं?"

"माहीत नाही. पण श्वास चालू होता. म्हाताऱ्याच्या डाव्या पायाची दोन बोटं कारखान्यात गेली होती, मी वर्षानुवर्षं बघत आलोय. त्या पावलांना दहाच्या दहा होती."

मुलाचा चेहरा उतरला. ज्याला नुसतं कळवायचं राहून गेलं, तो बापाच्या जागी दुसरा माणूस झोपवत नाही. वकिलीणबाई खाली बसल्या. त्यांना हवं ते मिळालं होतं.

मुलाचा वकील उठला. "हे केव्हा लक्षात आलं?"

मास्तरांना गप्प राहता आलं असतं. "जिना उतरताना."

"मग परत वर का गेला नाहीत?"

"सही झाली होती. परत जायचं म्हणजे 'बोललो' हे खोटं लिहिलंय, हे सांगावं लागलं असतं. एका घरचं नाही. बावीस वर्षांचं."

"म्हणजे माहीत असून दाखला दिलात!"

"हो."

त्या एका 'हो'ने मुलाच्या शेजारी आरोपी म्हणून मास्तरांचंही नाव लागलं. कचेरीने त्याच आठवड्यात निलंबित केलं, पेन्शन निकालापर्यंत अडकली. साक्ष संपल्यावर लेक कोर्टाबाहेर भेटली. हात जोडावेत की तोंड फिरवावं, तिला कळेना. त्या दिवशी ते परत वर गेले असते, तर तिचं वर्ष-दीड वर्ष वाचलं असतं. ती नुसतीच निघून गेली.

कोर्टाचा कारकून नोटिशीसाठी पत्ता लिहून घेत होता. बायको इतका वेळ भिंतीला टेकून होती, ती पुढे झाली.

"मी सांगते, लिहा. दुसरा मजला, डावीकडचं दार. आणि नीट लिहा हो भाऊ. नोटीस परत गेली तर हे दडून बसले म्हणतील, तेवढं एकच बालंट राहिलंय."