मागे धरलेले हात

वाचनालयातल्या कपाटासमोर एक आजोबा मधमाशीपालनाचं पुस्तक शोधत होते. इतकी वर्षं ग्रंथपाल बाईच त्यांना हवं ते पुस्तक काढून देत. आता बाई निवृत्त होणार, म्हणून आज त्यांनी आजोबांना पुस्तकांवरच्या क्रमांकांवरून कसं शोधायचं ते शिकवलं होतं.

बाई मागेच उभ्या होत्या, दोन्ही हात पाठीशी धरून. आजोबांचं बोट नेमक्या पुस्तकावरून पुढे सरकलं, तसा बाईंचा उजवा हात सुटला. डाव्या हाताने तो लगेच धरून ठेवला.

आपल्याकडे शिकवणं बहुतेक वेळा ‘दे इकडे’पाशी संपतं. मला अजून शिलाई मशीनमध्ये दोरा ओवता येत नाही, कारण माझं चाचपडणं आईला बघवत नसे. मायाच होती ती, पण दोरा ओवणं तिच्याच हातात राहिलं. येत असूनही गप्प उभं राहायचं, हे कुणी कुठे शिकत असेल?

आजोबा थबकले, बोट मागे आलं. “सापडलं बघा, बाई!”

बाईंनी हात सोडले.

“अरे वा,” त्या म्हणाल्या, “कुठे होतं?”