अर्जाचा पहिला परिच्छेद

ऑस्ट्रेलियातल्या टूवूंबाला मी बायकोच्या नोकरीमुळे आलो. ती इथल्या हॉस्पिटलमध्ये भूलतज्ज्ञ आहे. त्याआधी सोळा वर्षं मी पुण्यातल्या एका दैनिकात परदेशाचं पान लावत होतो. इथे लावायला पान नव्हतं, म्हणून युनिव्हर्सिटीत पीएचडीला नाव घातलं. गाइड मिळाले ते डच. आंतरराष्ट्रीय संबंध हा त्यांचा विषय. साठीच्या अलीकडचे, एकटे राहणारे, आणि ज्या गावात गाडीशिवाय दूध आणणंही अवघड तिथे सायकलवर फिरणारे.

पहिल्याच भेटीत मी त्यांना ‘सर’ म्हणालो.

“सर नको,” ते म्हणाले. “कोर्टात उभं केल्यासारखं वाटतं.”

“मग काय म्हणू?”

“नाव आहे की मला.”

नाव घेणं मला जमलं नाही. पुढे कधीच मी त्यांना कशानेही हाक मारली नाही. दारात उभा राहायचो आणि ते वर बघेपर्यंत थांबायचो.

भेट दर बुधवारी, दुपारी तीनला. थिसिसचं काम वीस मिनिटांत संपे. मग आम्ही बातम्यांकडे वळायचो. कुठल्या देशाने निवेदनातून कुठलं वाक्य गाळलं, कोणता मंत्री फोटोत कोणाशेजारी उभा राहिला नाही. पुणं सोडल्यापासून हे बोलायला मला माणूस उरला नव्हता. बायको ड्यूटीवरून दमून येते. मुलगी तेव्हा नऊ वर्षांची होती, तिला युरोपचं काही सांगायला लागलो की म्हणायची, “डॅड, वी आर ईटिंग.” आठवड्यातून एक तास मी पुन्हा कामावर असल्यासारखा असायचो. पाऊस असला की त्यांची सायकल डिकीत अर्धी बाहेर ठेवून त्यांना घरी सोडायचो. त्या दिवशी तासाचे दीड तास होत.

तिसऱ्या वर्षी, हिवाळ्यातल्या एका बुधवारी, त्यांनी दोन पानं माझ्यासमोर सरकवली. त्यांच्या देशात संसदेची निवडणूक येणार होती. तिथे प्रत्येक पक्ष उमेदवारांची यादी करतो, आणि यादीत यायचं तर पक्षाच्या समितीकडे अर्ज करावा लागतो. एका पक्षात त्यांचा जुना विद्यार्थी होता. तो कित्येक महिने त्यांच्या मागे लागला होता. इतकी वर्षं इंग्रजीत लिहिल्यावर त्यांना डचमध्ये मुद्द्याचं सुचेना, म्हणून त्यांनी अर्ज आधी इंग्रजीत लिहिला होता.

“जरा बघशील? तुझा धंदाच तो.”

मी पानं घरी नेली. अर्ज मंजूर झाला तर बुधवार संपणार, हे मला पार्किंगमध्येच कळलं होतं. त्यांनी जाऊ नये असं मला वाटत होतं. 

अर्ज वाईट होता. सुरुवात युरोपच्या सुरक्षेच्या इतिहासाने, मग करारांची जंत्री. दुसऱ्या पानावर, सहाव्या परिच्छेदात, एक वाक्य होतं: निर्णय बंद खोलीत कसे होतात हे मी आयुष्यभर शिकवत आलो आणि त्या खोलीत एकदाही गेलो नाही. तिथपर्यंत कुठलीही समिती वाचत पोहोचली नसती. मी फक्त ‘छान आहे’ म्हणून पानं परत दिली असती तरी पुरे होतं.

ते वाक्य मी उचलून सगळ्यात वर आणलं. इतिहास उडवला. जंत्रीतलं एक उदाहरण ठेवलं. चाळीस मिनिटं लागली. बायको आली तेव्हा मी शेवटची ओळ छाटत होतो.

“कोणाचं आहे?”

“त्यांचा अर्ज. निवडणुकीचा.”

“म्हणजे जाणार ते?”

“घेतलं तर.”

“मग तू तो सुधारतोयस कशाला?”

“वाईट होता.”

तिने माझ्याकडे नीट पाहिलं. “तुझं काही खरं नाही,” ती म्हणाली आणि कुकर लावायला गेली.

पुढच्या बुधवारी त्यांनी ते एक पान उभ्यानेच वाचलं. मग पुन्हा वाचलं.

“आता समितीला मला नाही म्हणणं कठीण जाईल,” ते म्हणाले. पान हातात ठेवूनच त्यांनी विचारलं, “तुला काय वाटतं?”

“लांबी बरोबर आहे,” मी म्हणालो. “एका पानापुढे कोणी वाचत नाही.”

त्यांनी पान फाइलमध्ये ठेवलं.

समितीने त्यांना यादीत बरंच वर घेतलं. मीच त्यांना ब्रिस्बेनच्या विमानतळावर सोडलं. टूवूंबाचा डोंगर उतरेपर्यंत ते त्या दिवशीच्या बातम्यांवर बोलत होते. ते निवडून आले. पक्षाने त्यांना परराष्ट्र धोरणाची जबाबदारी दिली.

मुलीला शाळेत सोडून आलो की मी त्यांच्या संसदेचं रेकॉर्डिंग बघतो. सभागृहात मध्ये उभे माइक असतात. भाषण चालू असताना सदस्य तिथे येऊन उभा राहतो आणि वक्त्याला अडवतो, पण जे काही म्हणायचं ते अध्यक्षांना उद्देशून. ते एक हात खिशात घालून उभे राहतात. मला डच येत नाही. यंत्राने भाषांतर केलेल्या ओळी दोन वाक्यं मागे असतात. तरी कळतं, ते या कामात चांगले आहेत. नव्या गाइड दुसऱ्या कॅम्पसवरून व्हिडिओवर भेटतात. त्या मेहनती आहेत. वीस मिनिटांत आमचं संपतं.

यंदा त्यांच्या सहायकाची मेल आली: मंगळवारी व्हिडिओवर बोलायला त्यांना दहा मिनिटं मोकळी आहेत, चालेल का. तिथली दुपार, आमचे रात्रीचे अकरा. ते बारीक झाले होते. थिसिस कुठवर आला ते विचारलं. शेवटचं प्रकरण, मी सांगितलं. मग त्यांनी घड्याळ पाहिलं.

“त्या अर्जाचं एक विचारायचं राहिलं होतं. इतका नीट का केलास?”

“सवय.”

ते हसले. “डिपार्टमेंटमध्ये मला तो लिहून देतील असे आणखी दोघं होते. तुला दिला, कारण वाटलं, तू म्हणशील जाऊ नका.”

“तुम्ही तसं विचारलं नाहीत.”

“विचारलं होतं.”

‘तुला काय वाटतं?’ असं त्यांनी विचारलं होतं, ते खरं होतं.

“म्हटलं असतं तर थांबला असतात?”

त्यांच्या मागे दार उघडलं आणि कोणीतरी डचमध्ये काही म्हणालं. मतदानाची घंटा झाली होती.

“माहीत नाही,” ते म्हणाले. “ऐकायला आवडलं असतं.”

ते उठून कोट घालू लागले. स्क्रीन अजून चालू होता.

“नका जाऊ,” मी म्हणालो.

एक बाही घालून झाली होती. ते तसेच थांबले. मग “बरं” म्हणाले, दुसरी बाही घातली आणि मतदानाला गेले.