पिशवी प्रमोदने उघडली नव्हती

काल नाग चावून प्रमोद गेला.

तो एकटा का होता, हे मला माहीत आहे.

नेऱ्याजवळच्या एका फार्महाऊसवरून त्याला साप पकडायला फोन आला होता. हॉस्पिटलपर्यंत पोचेतो उशीर झाला.

पनवेलमधला आमचा सर्पमित्रांचा ग्रुप आम्ही दोघांनी उभा केला. नियम एकच. कॉल कुठलाही असो, दोघांनी जायचं.

एकदा सगळे मिळून सुपरहिरोंचा एक सिनेमा पाहायला गेलो. एकाच टीमचे दोन तट पडतात. एक म्हणतो, आपल्या हातून माणसं मेली, आपल्यावर कुणाचा तरी अंकुश हवा. दुसरा काही केल्या मित्राची बाजू सोडत नाही.

बाहेर चहा पिताना मी तावातावाने बोललो, "ज्याच्या हातात ताकद, त्याने जाब दिलाच पाहिजे."

"माईक आणा रे याला," प्रमोद म्हणाला. "आणि मित्रच चुकला तर?"

"तर आधी मित्राने."

"अवघड आहे बाबा तुझ्याशी मैत्री करणं."

सगळे हसले. मीही.

पुढे नवीन पनवेलच्या एका सोसायटीत प्रमोद आणि आमच्या ग्रुपमधला, ओवे गावचा नितीन गेले. नाग पकडून झाला होता. लोकांनी आग्रह केला म्हणून नितीनने दाखवायला पिशवी पुन्हा उघडली. वॉचमनला दंश झाला. तो वाचला, पण दोन बोटं कापावी लागली.

नितीनने मला फोनवर रडत सगळं सांगितलं. मी ते जसंच्या तसं वनखात्याला लिहून दिलं.

चौकशीत प्रमोद म्हणाला, "पिशवी मी उघडली."

नितीन गप्प राहिला. प्रमोदचं सर्पमित्राचं ओळखपत्र रद्द झालं.

ग्रुपच्या मीटिंगमध्ये मी त्याला सर्वांसमोर खोटारडा म्हणालो. अर्धा तास बोललो. माझं बोलणं चांगलं होतं, हे दुर्दैव.

तो उठताना एवढंच म्हणाला, "त्याला मी शिकवलंय रे."

त्यानंतर तीन वर्षं आम्ही बोललो नाही.

आज स्मशानात नितीन जवळ आला.

"दादा, मी येतो म्हटलं, तरी त्यांनी मला कधी सोबत नेलं नाय. म्हणायचे, माझ्याबरोबर दिसलास तर तुझं पण कार्ड जाईल."

मग त्याने माझा हात धरला.

"तुमी लिहिता ना फेसबुकवर. पिशवी मी उघडली होती, ते लिहा. माझं नाव घालून लिहा."

लिहिलं, नितीन.

आता माझं.

प्रमोद, तू खोटं बोललास. तुझ्या चितेसमोरही माझं मत तेच होतं.

पण लोक तुला अजून फोन करतात, तू ओळखपत्राशिवाय, एकटा जातोस, हे मला पहिल्या महिन्यापासून ठाऊक होतं.

मी तक्रार केली नाही. सोबतही गेलो नाही.

घरी बसून राहिलो.

जा मित्रा. माझा शेवटचा नमस्कार घे.