शालूमावशी आणि इतर

नाटकवाले चहाला बसले की नाटकापेक्षा पडद्यामागचंच जास्त बोलतात. आमच्या मलकापूरच्या हौशी मंडळात मी प्रॉम्प्टर, त्यामुळे माझ्याकडे असा साठा भरपूर! त्यातला अर्धा एकट्या शालूमावशीचा. मावशीने जन्मभर सासू, मोलकरीण आणि शेजारीण केली. पोस्टरवर नायक-नायिकेची नावं आणि खाली 'आणि इतर'. मावशी त्यावर बोट ठेवायची, "हे इतर म्हंजे मीच!" हसून सांगायची, पण आपलं नाव एकदा तरी लिहिलेलं दिसावं, ही तिची फार इच्छा होती.

जानेफळला मावशी खाष्ट सासू झाली होती. प्रयोग संपल्यावर एक आजीबाई डबा घेऊन तणतणत आत आल्या. "ह्या पुरणपोळ्या त्या सुनेले द्या. सासूले तुकडाबी देऊ नका!"

मावशीने डबा काढून घेतला. "आमच्या घरी सासू पयले जेवते!"

आजीबाई तिथेच वाढायला बसल्या.

एकदा स्पर्धेत नायिका ऐन प्रवेशात वाक्य विसरली. मी विंगेतून घसा फोडतोय, तिला ऐकूच येईना! मोलकरीण झालेली मावशी झाडत झाडत पुढे आली. "बाईसाहेब, तुमी घर सोडून जाऊन राह्यल्या न? मंग सांगा न साहेबाले!"

नायिकेला सगळं आठवलं. अभिनयाचं बक्षीसही तिलाच मिळालं! पेपरातल्या फोटोत नायिका होती आणि कोपऱ्यात नुसता झाडू. मावशीने तो फोटो कापून आरशाला लावला. "झाडू माहाच हाय!"

मग जळगाव जामोदला सिनेमावाले आले. मावशीला नायकाच्या आईचं काम मिळालं. बसमध्ये बसलेल्या मुलाला निरोप द्यायचा, एकच वाक्य. ते झालं, डायरेक्टर "कट" म्हणाला. मावशी मात्र बसमागे रडत चालतच राहिली. बस दिसेनाशी झाली तेव्हा परतली.

"ताई, मी कट म्हटलं होतं!"

"पन परदा कुठं पडला होता?"

कॅमेरामनही कॅमेरा बंद करायचं विसरला होता. सिनेमात तोच शॉट राहिला!

सिनेमा मलकापूरला लागला. नावं शेवटी येणार, हे मावशीला माहीत होतं. बसच्या सीनला बायका हमसून रडल्या. सिनेमा संपला, थेटरवाल्याने दिवे लावले, दारं उघडली आणि लोक उठले. मावशी ताडकन उभी राहिली. आवाज तोच, जानेफळच्या सासूचा!

"काऊन उठून राह्यले बे? माहं नाव यायचं हाय! बसा खाली!"

अख्खं थेटर बसलं. थेटरवाल्याने दिवेसुद्धा घालवले.

नाव आलं. शिट्ट्यांनी थेटर दणाणलं. ते वर सरकून जाईपर्यंत मावशी बघत राहिली. मग पदराने डोळे पुसून मागे वळली.

"हाव, आता पडला परदा. जा घरी!"